वहिवाट आणि विनंती : हेगच्या न्यायालयातील दादरा-नगरहवेलीचा दावा

(संस्थेच्या व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचा मजकूर)



आपणापुढे बोलायला उभे राहताना मनावर थोडे दडपण आहे. आम्ही काही वकील नाही. बँकेत कारकून आहोत. दिवसभर दुसऱ्यांच्या पैशांचे आकडे जुळवावेत आणि संध्याकाळी एस.टी. पकडावी, असा आमचा क्रम. इतिहास विषय घेऊन बी.ए. झालो, त्यामुळे जुन्या कागदांची आवड तेवढी शिल्लक राहिली आहे. मध्यंतरी संस्थेच्या अभ्यासिकेत मुलांशी बोलत बसलो असता एका मुलीने विचारले, "दोन भावांचा तंटा कोर्टात जातो, दोन गावांचाही जातो. मग दोन देशांचा तंटा कुठे जातो?" आम्ही पाठ्यपुस्तकातले उत्तर देऊन टाकले, "हेगला, आंतरराष्ट्रीय न्यायालयात." पण घरी गेल्यावर आमचेच आम्हाला समाधान झाले नाही. तिथे जातो म्हणजे नेमके काय होते? समन्स कोण काढतो? न आल्यास काय? निकाल कशावर देतात? तेव्हापासून वाचत गेलो. जे हाती लागले ते आज सांगणार आहोत.

पण हेगला जाण्याआधी आपणास आमच्या वाडीत यावे लागेल.

आमची वाडी वीस-बावीस घरांची. गावाचे नाव सांगत नाही, त्याची गरजही नाही. वाडीतून शाळेकडे आणि मोठ्या रस्त्याकडे जाणारी पायवाट एका जमीनदाराच्या कलमांच्या बागेतून जात असे. गवताचे भारे, आजारी माणसाची डोली, शाळेची पोरे, सगळे त्याच वाटेने. आमच्या आजोबांच्या आधीपासूनची ती वहिवाट. त्यासाठी कोणी कोणाला विचारत नसे. मात्र भीमजयंतीची मिरवणूक वाजतगाजत त्या वाटेने न्यायची झाली की वाडीतले दोन वडीलधारे आदल्या दिवशी नारळ घेऊन मालकाकडे जात आणि विचारून येत. मालक "हो" म्हणत. वर्षानुवर्षे असे चालले. पुढे बाग दुसऱ्याच्या हाती गेली आणि नव्या मालकाने वाटेवर गडगा घातला. प्रकरण तालुक्याला गेले. तिथे अधिकाऱ्यांनी आमच्या चुलत्यांना विचारले, "मिरवणुकीसाठी तुम्ही परवानगी मागत होता काय?" आमचे काका ताठ मानेने म्हणाले, "होय साहेब. न विचारता आम्ही मिरवणूक कधी नेली नाही." त्यांना वाटले, आपण आपली सभ्यता सांगतो आहोत. निकाल असा लागला की पायी जाण्यायेण्यापुरती वाट मोकळी करावी. मिरवणुकीबाबत हक्क शाबीत होत नाही.

हे प्रकरण तूर्त बाजूला ठेवू. काकांचे ते वाक्य मात्र ध्यानात असू द्यावे.

दोन देशांच्या तंट्याला पूर्वी कोर्ट नव्हतेच, आणि त्याचा पुरावा आपल्या रत्नागिरीतच उभा आहे. थिबा पॅलेस आपण सर्वांनी पाहिला आहे. ब्रह्मदेशाचा हा शेवटचा बौद्ध राजा इथे का आणला गेला, ते मात्र पुष्कळांना सांगता येत नाही. तंटा होता सागवानाचा. बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन या कंपनीने ब्रह्मी जंगलातून तोडलेल्या सागाचा हिशेब कमी दाखवला, असे ठरवून थिबा राजाच्या मंत्रिमंडळाने तिला सुमारे २३ लाख रुपये दंड केला. इंग्रज सरकारने २२ ऑक्टोबर १८८५ रोजी निर्वाणीचा खलिता धाडला. दंडाची वसुली थांबवा, आमचा वकील दरबारी ठेवून घ्या आणि यापुढे परराष्ट्र व्यवहार आमच्या सल्ल्याने करा, अशा त्यातील मुख्य मागण्या. यावर मंडालेहून गेलेले उत्तर मोठे वाचण्यासारखे आहे. परराष्ट्र व्यवहाराच्या मागणीवर ब्रह्मी सरकारने कळवले की, एका राज्याने दुसऱ्याकडे असे मागणे योग्य आहे की नाही, हे फ्रान्स, जर्मनी आणि इटली या दोघांच्याही मित्रराष्ट्रांनी मिळून ठरवावे. तो निर्णय आम्ही मान्य करू.

म्हणजे थिबाचा दरबार लवाद मागत होता. इंग्रजांच्या लेखी ते उत्तर म्हणजे नकारच. फौज निघाली, २८ नोव्हेंबरला मंडाले पडले आणि १ जानेवारी १८८६ रोजी ब्रह्मदेश खालसा झाल्याचा जाहीरनामा निघाला. राजा-राणीला आधी मद्रासला आणि मग रत्नागिरीला आणले. पुढे बऱ्याच वर्षांनी तो वाडा बांधून झाला, आणि डिसेंबर १९१६ मध्ये राजा इथेच वारला. थिबा काही मोठा न्यायी राजा होता असा आमचा दावा नाही; त्याच्या राजवटीत रक्त पुष्कळ सांडले होते. पण त्याने मागितलेला पंच त्या काळी जगात कुठेही बसलेला नव्हता, एवढे खरे.

पंच नेमण्याची कल्पना आपल्याला नवी नाही. रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य आणि कोलीय यांच्यात युद्धाचा ठराव आला, तेव्हा सिद्धार्थाने संघापुढे कोणती दुरुस्ती सुचवली, हे बाबासाहेबांच्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात आपण वाचले आहे. दोन माणसे आपली, दोन कोलियांची, आणि या चौघांनी मिळून पाचवा निवडावा. मग या पाचांनी तंटा मिटवावा. गंमत अशी की १८९९ साली हेगला राष्ट्रांची परिषद भरली आणि लवादाचे नियम झाले, तेव्हा त्यातही हीच रीत आली. दोन्ही पक्षांनी दोन-दोन पंच नेमावेत आणि त्या चौघांनी सरपंच निवडावा. सिद्धार्थाची दुरुस्ती प्रचंड बहुमताने फेटाळली गेली, हेही आपणास ठाऊक आहेच.

हेगच्या त्या लवादापुढे एक प्रकरण रत्नागिरीकरांच्या परिचयाच्या माणसाचे गेले. विनायक दामोदर सावरकर यांनी १९१० च्या जुलैमध्ये मार्सेलिस बंदरात बोटीतून उडी टाकली. फ्रान्सच्या भूमीवर पकडून त्यांना पुन्हा बोटीवर चढवण्यात आले. फ्रान्सने तक्रार केली, पाच जणांचा लवाद बसला आणि २४ फेब्रुवारी १९११ रोजी निर्णय झाला : पकडून परत देण्यात अनियमितपणा झाला खरा, पण कैदी फ्रान्सला परत करण्याचे बंधन इंग्लंडवर येत नाही. सावरकर पुढे १९२४ ते १९३७ या काळात रत्नागिरीत स्थानबद्ध होते. त्यांच्या विचारांशी आपले मतभेद आहेत, तो आजचा विषय नव्हे. आम्हाला लक्षात घ्यायचे आहे ते हे की, ज्याच्या आयुष्याचा प्रश्न, तो त्या दाव्यात पक्षकारच नव्हता. पक्षकार दोन सरकारे.

हा नियम आजच्या न्यायालयातही कायम आहे. आंतरराष्ट्रीय न्यायालय म्हणजे संयुक्त राष्ट्रसंघाचे मुख्य न्यायालय. ते १९४६ साली हेगच्या शांतिप्रासादात सुरू झाले. न्यायाधीश पंधरा, मुदत नऊ वर्षे. महासभा आणि सुरक्षा परिषद यांनी वेगवेगळे मतदान करून त्यांना निवडायचे असते, आणि एका देशाचे दोन न्यायाधीश असू शकत नाहीत. आपल्या घटना समितीचे सल्लागार बेनेगल नरसिंग राव १९५२ मध्ये तिथे न्यायाधीश झाले; त्यांच्यानंतर नगेंद्र सिंह, आर. एस. पाठक आणि २०१२ पासून दलवीर भंडारी. ज्या देशाचा न्यायाधीश पीठावर नसेल, त्याला त्या दाव्यापुरता आपला एक न्यायाधीश नेमता येतो. आमच्या वाडीच्या निकालाच्या वेळी असा एखादा माणूस आपल्या बाजूचा तिथे बसलेला असता तर, असे आमच्या मनात येऊन गेले. असो.

सगळ्यात महत्त्वाची गोष्ट संमतीची. दिवाणी न्यायालय समन्स काढते आणि आपल्याला जावेच लागते. हेगचे तसे नाही. ज्या राष्ट्राने संमती दिलेली नाही, त्याच्यावर तिथे दावा चालत नाही. आमच्या बँकेतल्या भाषेत सांगायचे तर, कर्जरोख्यावर ज्याची सही नाही, त्याला जामीनदार म्हणून नोटीस काढता येत नाही. ही सही तीन प्रकारची. तंटा झाल्यावर दोघांनी मिळून "आमचा निवाडा करा" म्हणून करार करणे, हा एक. आधीच्या एखाद्या तहात तसे कलम असणे, हा दुसरा. आणि तिसरा, "जो कोणी अशीच कबुली देईल, त्याच्यापुरती आमचीही कबुली" असे खुले निवेदन देऊन ठेवणे. या तिसऱ्या प्रकारच्या सहीने भारताला एकदा हेगपर्यंत ओढत नेले. तो दावा होता पोर्तुगाल विरुद्ध भारत. त्यात पेशव्यांचे मराठी कागद होते, मुंबई हायकोर्टाचे माजी मुख्य न्यायमूर्ती होते आणि प्रश्न होता वाटेचा. आमची खरी ओढ या दाव्याकडेच आहे.

दादरा आणि नगरहवेली हे दोन प्रदेश दमणपासून काही मैल आत, चारी बाजूंनी तेव्हाच्या मुंबई राज्याने वेढलेले. तिथे राज्य पोर्तुगीजांचे. म्हणजे दमणच्या गव्हर्नरला सिल्वासाला जायचे तर भारताच्या जमिनीवरून जावे लागे. १९५४ च्या जुलैमध्ये युनायटेड फ्रंट ऑफ गोवन्सच्या लोकांनी दादरा घेतले. २ ऑगस्टला सिल्वासा पडले. त्यात आझाद गोमंतक दल होते, गोवन पीपल्स पार्टी होती, राष्ट्रीय स्वयंसेवक संघाचे लोक होते. संगीतकार सुधीर फडके यांनी या कामाच्या निधीसाठी लता मंगेशकर यांच्या गाण्याचा कार्यक्रम घडवून आणला, हे जुन्या लोकांना आठवत असेल. पोर्तुगीजांना कुमक पाठवायची होती, पण भारताने मधली वाट बंद केली. फौजही नाही आणि अधिकारीही नाहीत.

आता तारखा पाहा. पोर्तुगाल १४ डिसेंबर १९५५ रोजी संयुक्त राष्ट्रसंघाचा सदस्य झाला. १९ डिसेंबरला त्याने न्यायालयाची सक्ती मान्य केल्याचे निवेदन दिले आणि २२ डिसेंबरला, म्हणजे तिसऱ्याच दिवशी, भारतावर दावा दाखल केला. भारताची सही होती १९४० ची, इंग्रजांच्या अमदानीत दिलेली, आणि ती तोवर तशीच चालू होती. आपण हरकत घेतली की त्यांच्या निवेदनाची प्रतही आमच्या हाती पडली नव्हती. न्यायालयाने २६ नोव्हेंबर १९५७ रोजी ही हरकत फेटाळली : सही खुली ठेवली होती ना, मग कोणीही केव्हाही येऊ शकतो. भारताने जानेवारी १९५६ मध्येच निवेदन बदलून घेतले, पण दावा आधीच दाखल झाला होता. बँकेत आम्ही जुन्या मुखत्यारपत्रांना का भितो, ते आपल्या लक्षात आले असेल. पुढे १९७४ मध्ये भारताने बऱ्याच अटी घालून नवे निवेदन दिले. त्यात राष्ट्रकुलातील देशांशी असलेले तंटे वगळले होते. त्यामुळेच पाकिस्तानने आपले विमान पाडल्याबद्दल १९९९ मध्ये केलेला दावा २००० साली अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावरच निकालात निघाला. म्हणजे आम्हीही सहीच्या बाबतीत शहाणे झालो.

मूळ दावा चालला तो असा. तिथे साक्षीदारांची उलटतपासणी फारशी नसते. आधी लेखी कैफियत, तिला लेखी उत्तर, त्यावर पुन्हा उत्तर आणि प्रत्युत्तर. हे सारे इंग्रजी वा फ्रेंच भाषेत. मग तोंडी युक्तिवाद. भारताकडून ॲटर्नी जनरल मोतीलाल सेटलवाड उभे होते. भारताने नेमलेले न्यायाधीश होते महंमद करीम छागला.

पोर्तुगालचे म्हणणे असे की, आमचा मुलूख परत मिळवून द्या अशी आमची मागणी नाही, आम्हाला फक्त वाटेचा हक्क द्या. हक्काला आधार दाखवला तो मराठ्यांशी १७७९ साली पुण्यात झालेल्या तहाचा, त्यानंतर निघालेल्या १७८३ आणि १७८५ च्या सनदांचा आणि शिवाय वहिवाटीचा. त्यांचे सांगणे, पेशव्यांनी आम्हाला हा मुलूख दिला, आणि मुलूख दिला म्हणजे तिथवर जाण्याची वाटही दिली.

इथे आमच्यासारख्या इतिहासाच्या विद्यार्थ्याचे मन थबकते. हेगच्या त्या भव्य दालनात, जिथे निरनिराळ्या देशांचे न्यायाधीश बसले आहेत, तिथे सवाई माधवरावांच्या काळचा मराठी मजकूर पुढे ठेवला गेला आणि वाद रंगला तो 'सरंजाम' या शब्दावर. भारताचे म्हणणे असे की पेशव्यांनी राज्य दिलेच नाही, वर्षाला बारा हजार रुपये वसुलाची गावे सरंजाम म्हणून लावून दिली. सरंजामदार महसूल खातो, मालक होत नाही. न्यायालयाने हे मान्य केले. मराठ्यांना सार्वभौमत्व द्यायचे असे तेव्हा ते कायमचे दिल्याचे स्पष्ट शब्द वापरत. इथे तसे शब्द नाहीत, असा त्याचा अभिप्राय पडला. कोण्या कारकुनाने लिहिलेला एक शब्द पावणेदोनशे वर्षांनी दोन राष्ट्रांच्या भांडणात कामी आला! तो कारकून आमचाच जातभाई म्हणायचा, अर्थात धंद्याने.

पण इथे दावा संपला नाही. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि इंग्रज आले. इंग्रजांना पोर्तुगीज तिथे राज्य करताना दिसले, आणि त्यांनी ते चालू दिले. सव्वाशे वर्षे चालू दिले. न्यायालय म्हणाले, पेशव्यांनी दिले नसले तरी इंग्रजांनी पोर्तुगीजांची सत्ता मानली आणि पुढे भारतानेही मूकपणे मानली. आणि या सव्वाशे वर्षांत सामान्य माणसे, मुलकी अधिकारी आणि माल यांची ये-जा मोकळेपणी चालू होती. एवढी दीर्घ, एकसारखी वहिवाट दोघांमध्ये असेल तर तिला कायद्याचे बळ येते. फक्त दोन राष्ट्रांमध्येसुद्धा रूढी निर्माण होऊ शकते, हे तत्त्व या निकालामुळे जगभरच्या कायद्याच्या पुस्तकांत गेले. म्हणजे आमच्या बागेतली वाट आणि दमण-सिल्वासा वाट, दोहोंना नियम एकच.

आता फौजेचे. सैन्य, सशस्त्र पोलीस आणि शस्त्रास्त्रे यांची गोष्ट निराळी होती. १८७८ मध्ये इंग्रज-पोर्तुगीज तह झाला, त्यात एकाच्या फौजेने दुसऱ्याच्या हद्दीत रीतसर विनंतीशिवाय जाऊ नये असे ठरले. १८९० च्या सुमारास मुंबई सरकारने तक्रार केली की पोर्तुगीजांची हत्यारबंद माणसे न विचारता आपल्या हद्दीतून जातात. त्यावर पोर्तुगीज सरकारकडून जे लेखी उत्तर गेले त्याचा आशय असा : आमचे सैन्य पूर्वपरवानगीशिवाय ब्रिटिश हद्द कधीही ओलांडत नाही.

आमच्या काकांचे वाक्य आठवले ना? आम्ही हे वाचले तेव्हा पुस्तक मिटून थोडा वेळ गप्प बसलो होतो.

न्यायालय म्हणाले, जे परवानगी मागून केले जाते, तो हक्क होत नाही. परवानगी देणाऱ्याला नाकारण्याचाही अधिकार असतो. १२ एप्रिल १९६० रोजी निकाल लागला. सामान्य माणसे, मुलकी अधिकारी आणि माल यांच्यापुरता पोर्तुगालला हक्क होता, असे अकरा विरुद्ध चार मतांनी ठरले. सैन्य आणि शस्त्रे यांबाबत हक्क नव्हता, हे आठ विरुद्ध सात मतांनी. एका मताने! आणि १९५४ मध्ये भारताने वाट बंद केली ती त्या वेळच्या तंग परिस्थितीत, नियंत्रणाच्या अधिकारात बसते, सबब भारताने आपले कर्तव्य मोडले नाही, असे नऊ विरुद्ध सहा मतांनी. दोन्ही देशांनी नेमलेल्या न्यायाधीशांनी भिन्नमतपत्रे जोडली. छागलांना तर पहिला हक्कही मान्य नव्हता.

एकंदरीत आपण जिंकलो. पण हा दावा वाचून संपवताना आमच्या मनात एक खटका राहिला. दादरा-नगरहवेलीत राहतात कोण? बहुतेक वारली, धोडिया, कोकणा असे आदिवासी. हेगमध्ये पेशवे बोलले, इंग्रज कलेक्टर बोलले, पोर्तुगीज गव्हर्नर बोलले, कागदोपत्री का होईना. त्या जमिनीत नाचणी पिकवणाऱ्याला कोणी विचारले नाही की बाबा, तुझ्यावर राज्य कोणाचे असावे. न्यायालयाचा तो दोष म्हणावा का? त्याच्यापुढे प्रश्नच फक्त वाटेचा ठेवलेला होता, आणि त्याच्या दारात राष्ट्राशिवाय कोणाला प्रवेश नाही. तरीही खटका तो खटका.

आणि दुसरी गोष्ट. "परवानगी मागितली म्हणजे हक्क नव्हता" हा नियम दोन सरकारांमध्ये ठीक आहे. पोर्तुगीज आणि इंग्रज दोघेही सत्ताधीश, दोघांजवळ वकील, दोघेही शब्द तोलून पत्र लिहिणारे. पण आमचे वडीलधारे नारळ घेऊन मालकाच्या अंगणात, पायरीच्या खाली उभे राहत, ते काय राजनैतिक शिष्टाचार म्हणून? न विचारता मिरवणूक नेली असती तर काय झाले असते, ते त्यांना माहीत होते. ज्या नियमाने हेगमध्ये भारताला हात दिला, त्याच नियमाने आमच्या वाडीत आमची मिरवणूक अडवली. नियम खोटा आहे असे आम्ही म्हणत नाही. पण विनंती कोणी, कोणाला, कशाच्या भीतीने केली, हे पाहिल्याशिवाय तो लावला तर तो बलवानाच्या बाजूने झुकतो. विद्यार्थी मित्रांनी, विशेषतः जे कायद्याकडे जाणार आहेत त्यांनी, यावर विचार करावा.

निकालानंतर काय झाले, तेही सांगितले पाहिजे. १९५४ पासून तिथला कारभार वरिष्ठ पंचायत पाहत होती. भारताने तो प्रदेश लगेच जोडून घेतला नव्हता. हेगचा निकाल लागल्यावर, ११ ऑगस्ट १९६१ पासून, दहाव्या घटनादुरुस्तीने तो भारतात आला. त्यासाठी बदलानी नावाच्या एका सनदी अधिकाऱ्याला तेवढ्यापुरते तिथले पंतप्रधान करून करारावर सही घ्यावी लागली, हा कागदोपत्री चमत्कारही घडला. २०२० पासून दमण-दीव आणि दादरा-नगरहवेली मिळून एकच केंद्रशासित प्रदेश आहे. गोव्याचा प्रश्न मात्र कोर्टाने सुटला नाही. १९५५ चे सत्याग्रही आपल्या तेव्हाच्या रत्नागिरी जिल्ह्याच्या हद्दीवरूनही आत गेले, गोळ्या झेलल्या. शेवटी डिसेंबर १९६१ मध्ये सैन्य गेले. पोर्तुगालने हे सारे मान्य केले ते १९७४ च्या अखेरीस, तिथली हुकूमशाही कोसळल्यावर. आंतरराष्ट्रीय तंटे लवादाने मिटवण्यास उत्तेजन द्यावे, असे आपल्या घटनेच्या ५१ व्या अनुच्छेदात लिहिलेले आहे. बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखालील मसुदा समितीने घडवलेल्या घटनेतले हे वाक्य आहे. गोव्याच्या वेळी ते पाळले गेले की नाही, यावर आमच्या बँकेतल्या मित्रांत दोन तट आहेत. आमचे मत असे की साडेचारशे वर्षे बसलेला माणूस चर्चेलाच तयार नसेल तर पंच तरी कोणापुढे बसवणार?

हुकूमनाम्याच्या बजावणीचा प्रश्न सर्वजण विचारतात. हेगच्या निकालावर अपील नाही आणि तो बंधनकारक असतो. पण बेलिफ नाही. एखाद्याने पाळला नाही तर सुरक्षा परिषदेकडे जावे लागते, आणि तिथे पाच बड्यांना नकाराधिकार आहे. १९८६ मध्ये निकाराग्वासारख्या लहान देशाने अमेरिकेविरुद्ध दावा जिंकला. पुढे सुरक्षा परिषदेत ठराव आला तो अमेरिकेनेच अडवला. मग उपयोग काय, असे कोणी म्हणेल. उपयोग इतकाच की त्यानंतर त्या विषयावर बोलताना अमेरिकेला प्रत्येक वेळी तो निकाल ओलांडून बोलावे लागले. थिबाला तेवढेही मिळाले नव्हते.

अलीकडचे उदाहरण आपण सर्वांनी दूरदर्शनवर पाहिलेले आहे. कुलभूषण जाधव यांना पाकिस्तानच्या लष्करी न्यायालयाने २०१७ च्या एप्रिलमध्ये फाशी सुनावल्याचे जाहीर झाले. भारताने ८ मे रोजी हेगला अर्ज केला आणि अवघ्या दहा दिवसांत, १८ मे रोजी, निकाल लागेपर्यंत फाशी देऊ नये असा आदेश झाला. इथे सही कोणती लागू पडली? १९६३ च्या वकिलातविषयक व्हिएन्ना कराराबरोबरचा एक जोडकरार, त्यावर दोन्ही देशांच्या सह्या होत्या. मूळचे नागपूरचे हरीश साळवे भारतातर्फे उभे होते, आणि त्यांनी फी म्हणून एक रुपया घेतला. १७ जुलै २०१९ रोजी पंधरा विरुद्ध एक मतांनी ठरले की, वकिलातीला भेटू न देऊन पाकिस्तानने करार मोडला आहे. शिक्षेचा परिणामकारक फेरविचार करावा. सुटकेची मागणी मात्र न्यायालयाने मान्य केली नाही. फाशी थांबली, दार उघडले नाही. सावरकर प्रकरणात आपण जे पाहिले तेच इथे : दावा माणसाचा, पक्षकार सरकारे. फरक एवढाच की शंभर वर्षांनंतर कैद्याला वकिलातीची भेट मिळणे हा त्याचाही हक्क आहे, असे न्यायालय म्हणू लागले.

त्या मुलीच्या प्रश्नाचे उत्तर देता देता बराच वेळ घेतला. एक सूचना तेवढी करतो, ती हेगची नाही, इथली आहे. वहिवाटीच्या वाटेवर कोणी अडथळा केला तर मामलेदार कोर्ट कायद्याखालचा अर्ज सहा महिन्यांच्या आत करावा लागतो. आमच्या वाडीने तो वेळेत केला, म्हणून निदान पायवाट वाचली. पुष्कळ वाड्या "बघू, बोलू" म्हणत वर्ष घालवतात.

आमची मिरवणूक आता ग्रामपंचायतीच्या डांबरी रस्त्याने, वळसा घेऊन जाते. काका आता थकले आहेत, पण जयंतीला ओट्यावर खुर्ची टाकून बसतात. गेल्या खेपेस गेलो असता त्यांना हा हेगचा सगळा दावा सांगितला. तहाचे, सरंजामाचे त्यांनी ऐकून घेतले. पोर्तुगीज सरकारच्या त्या पत्रापाशी आलो, तसे ते आमच्याकडे वळले आणि म्हणाले, "म्हणजे त्यांनीपण विचारलंनीच होतं म्हण की! आणि त्यांच्याकडे तर बंदुका होत्या."